चुलीपुढचा साका

शिदूनाना अकरा वर्षांत माझ्याशी जेवढं बोलले, ते सगळं एका घमेल्यात मावलं असतं. हे मी उगाच म्हणत नाही. आमच्या खात्यात ते मोजता येतं.

मी सांगलीला पालिकेच्या साका विभागात अभियंता. नाना तिथले मुकादम. आवाज हवेतून खाली उतरतो, त्याचा साका धरतो, आणि तो कोणीतरी उचलायचा असतो. रस्ता झाडण्याइतकंच साधं काम, आणि तितकंच न संपणारं. बोलण्याची माती होते, भांडणाचे खडे होतात, हॉर्नचा मुरूम होतो, कारखान्यातल्या यंत्रांचा काळा पाषाण होतो. माझं माहेर वाईचं. तिथे घाटावरच्या घंटांचा आणि मंत्रांचा गाळ इतका मऊ असायचा की लहानपणी आम्ही त्यात पाय रुतवून तासन् तास बसायचो. पुढे साताऱ्याहून बदली होऊन सांगलीला आले, स्टँडमागचा हॉर्नचा डोंगर पाहिला, आणि पहिल्याच दिवशी मनात आलं, हे काही आपल्या हयातीत उचलून व्हायचं नाही. ते झालंही नाही. आता मी निवृत्तीला आले आहे आणि तो डोंगर तेव्हापेक्षा पुरुषभर उंचच आहे.

नाना जतच्या बाजूचे, मेंढपाळांच्या घरातले. तिकडे मैलभर चाललं तरी माणूस भेटत नाही. बोललेलं वाऱ्यावर जातं, जमिनीवर धरतच नाही. अशा मुलखातला माणूस विशीत सांगलीला आला आणि जन्मभर दुसऱ्यांचा गोंगाट उपसत राहिला. अंगाने काटक, डोक्याला मळका टॉवेल, आणि तोंडाला जवळजवळ कुलूप. हजेरी घेताना ते नाव पुकारत नसत. बोट दाखवत आणि वहीत टिंब देत. एक बोट वर केलं म्हणजे पहार आणा, दोन म्हणजे फावडी, मूठ म्हणजे जेवणाची सुट्टी. फोनचंही तसंच. एक मिस्ड कॉल म्हणजे ट्रॉली आली. दोन म्हणजे आली नाही. तीन म्हणजे ड्रायव्हर पिऊन आलाय, तुम्ही स्वतः या. अकरा वर्षांत मी त्यांचा फोन एकदाही उचलला नाही आणि एकही निरोप चुकला नाही.

आमच्या टोळीतल्या सगळ्या घमेल्यांच्या काठांना त्यांनी चिंध्या गुंडाळून ठेवल्या होत्या, आपटली तर वाजू नयेत म्हणून. नवा माणूस कामावर आला की त्याला एकदाच सांगायचे, "आपुन उचलाय आलोय गड्या, टाकाय न्हाई." मी एकदा गमतीने विचारलं, "नाना, तुम्ही बोलायला एवढे का हो कंजूष?" तर खाली वाकून फावडं उचलत म्हणाले, "बोललेलं कुणालातरी उचलावं लागतंय, म्याडम." मला तेव्हा ते फार आवडलं होतं. घरी जाऊन नवऱ्याला सांगितलं होतं, शिकावं जरा म्हणून.

एकदा आमच्या टोळीचा सत्कार झाला. मांडव, खुर्च्या, शाली, आणि दोन तास भाषणं. भाषणांचा साका तुम्ही पाहिला असेल, फुगलेल्या पावासारखा असतो. बोटावर घमेलं तोलावं इतका हलका, पण जागा भारी खातो. बघता बघता व्यासपीठावरच्या खुर्च्या त्यात निम्म्या बुडाल्या. शेवटी सूत्रसंचालकाने नानांना दोन शब्द बोलायला बोलावलं. नाना माइकपाशी गेले, हात जोडले, माइकपासून चार पावलं लांब झाले आणि प्रमुख पाहुण्यांना म्हणाले, "पाव्हणं, पाय उचला जरा." मग तिथूनच कामाला सुरुवात केली. अंगावर शाल तशीच होती.

गणपतीनंतरचे दिवस आमच्या खात्यात सगळे घाबरून असतात. डीजेचा साका काळा आणि काचेसारखा, पहार मारली तर ठिणगी उडते. एका मंडळाचा अध्यक्ष सकाळीच येऊन ओरडू लागला, रस्ता कवा मोकळा करताय, पोरांची शाळा हाय. नानांनी त्याच्या हातात पहार दिली. त्याने तीन घाव घातले आणि हात झटकत उभा राहिला. नानांनी विचारलं, "किती तास वाजीवलं?" तो म्हणाला, "सहा." नाना म्हणाले, "मग सा दिस." पुढच्या वर्षी त्या मंडळाने दोन स्पीकर कमी केले असं मी सगळ्यांना कौतुकाने सांगत असे. नाना एक बोट वर करून दुरुस्ती करायचे.

पण नाना नुसते उपसणारे नव्हते, त्यांना साका वाचता येत असे. साका मुका असतो. एकदा खाली पडलेला आवाज पुन्हा ऐकू येत नाही, नुसता रंग, पोत आणि जाडी उरते. कापलेल्या कडेवरून नाना अंगठा फिरवायचे आणि हे लग्नाचं, हे मयताचं, इथं पाऊस पडून गेला, असं मनाशीच मान डोलवत ठरवायचे. याचा एकदा फार उपयोग झाला.

कुपवाडच्या वसाहतीत एक छोटा कारखाना होता. तिथल्या प्रेसखालची जमीन इतकी चढली की कामगारांची डोकी पत्र्याला लागायला लागली, म्हणून आम्हाला बोलावलं. सहा महिन्यांपूर्वी त्याच प्रेसमध्ये एका कामगाराची तीन बोटं गेली होती. मालकाचं म्हणणं होतं की तो ओरडला तशी मशीन त्याच क्षणी बंद केली, चूक त्याचीच. चौकशीचे अधिकारीही त्या दिवशी तिथे होते. खोदता खोदता नाना थांबले. काळ्या पाषाणात करंगळीएवढा पांढरा पट्टा लागला होता. त्यांनी त्यावर अंगठा ठेवला आणि बराच वेळ काढलाच नाही.

"हितं माणूस वरडलंय," ते म्हणाले. सगळे जमले. "ह्येच्या वर मशीन बंद पायजे हुती. सात ठोकं हायत."

मालक हसला. "मुकादम, तुमाला दगडातलं काय कळतंय?"

"मोजा की," नाना म्हणाले.

अधिकाऱ्यांनी खिशातला चष्मा काढला, गुडघ्यावर बसले आणि मोजले. पांढऱ्या पट्ट्यावर प्रेसचे सात काळे थर होते, एकसारखे, आणि त्यानंतर कुठे यंत्र थांबल्याची मातकट रेघ. चौकशीचा निकाल पुढे त्या कामगाराच्या बाजूने लागला. मी फार खूश होते. नाना मात्र परतताना गाडीत खिडकीबाहेर बघत बसले होते. एकदम म्हणाले, "माणूस वरडल्यावर कुणी ऐकलं न्हाई, ह्ये दगडात लय वंगाळ दिसतंय, म्याडम." एका दमात त्यांना इतकं बोलताना मी त्या आधी ऐकलं नव्हतं.

त्यांचं घर तिथून जवळच होतं. त्यांनी हाताने चहाची खूण केली आणि मी गेले. यंत्रांच्या साक्याने कुपवाडची ती बाजू सगळी टेकाडासारखी वर आलेली आहे. चाळीस पायऱ्या चढल्या तेव्हा दोन खोल्यांचं घर लागलं. दारातच हौसाक्का, म्हणजे नानांची बायको, उभ्या होत्या. रहिमतपूरच्या. त्यांना बघितल्यावर मला कळलं की या घरातलं सगळं बोलणं कोणाच्या वाट्याला गेलंय.

"या म्याडम, या, बसा. ह्यांनी आणलं व्हय? मला एक फोन करून सांगाय काय हुतं, दोन भाकरी जास्तीच्या टाकल्या असत्या. लसूण संपलाय, कवाधरनं सांगतीया, आणतो म्हणाय नगं का माणसानं? गॅस बी संपत आलाय. रहिमतपूरला आईचा पाय मोडलाय, जायाचं हाय, येताय का इचारलं तर नुसती मुंडी. व्हय म्हणा, न्हाई म्हणा, कायतर म्हणा की."

नानांनी खिशातून कागदाची पुडी काढली आणि ओट्यावर ठेवली. लसूण होता.

"बगा," हौसाक्का मला म्हणाल्या. "आणलाय. पर आणलाय म्हणून सांगत न्हाईत. चोवीस वर्सं भितीसंगं बोलतीया मी." आणि पदर तोंडाला लावून हसल्या.

आपल्याकडे चुलीपुढचा साका काढत नाहीत. बाकी घर नवरात्राआधी खरवडतात, ती माती परसात घालतात, वांगी-मिरच्या चांगल्या येतात तिच्यात. पण चुलीपुढची जागा तशीच ठेवतात. आता चुली गेल्या, गॅस आले, तरी नाव तेच राहिलं. घरात बाई जितकी वर्षं नांदली तितकी ती जागा वर येते, आणि मग ओटाही वर उचलून घ्यावा लागतो. कोणाच्या घरी गेलं की आम्ही बायका हळूच ती पायरी बघतो. लग्नाला किती वर्षं झाली ते विचारावं लागत नाही. हौसाक्कांची पायरी चांगली हातभर होती. ओटा दोनदा उचलून घेतलेला. त्यावर उभं राहून त्या भाकरी थापत होत्या आणि वरच्या फळीला डोकं लागू नये म्हणून सवयीने जरा वाकत होत्या. पायरीच्या कडेला कुकरच्या शिट्ट्यांचे चमकते खडे होते, मिक्सरच्या राखाडी रेघा होत्या, आणि बाकी सगळा नव्या गुळाच्या रंगाचा मऊ थर. मी खात्यातली बाई, न राहवून बोलून गेले, "हौसाक्का, किती एकसारखा थर धरलाय हो तुमचा!"

"एकसारखाच धरनार म्याडम," त्या म्हणाल्या.

नाना उठून बाहेर पायऱ्यांवर जाऊन बसले. मला वाटलं, उकडत असेल.

त्यानंतर चार वर्षांनी हौसाक्का गेल्या. तापाचं निमित्त झालं, आणि आठवड्याच्या आत सगळं संपलं. मूलबाळ नव्हतं. माहेरची माणसं आली, रडारड झाली. मयताच्या घरात रडण्याचा पांढरा साका सगळीकडे धरतो, तो तेराव्याला काढायचा असतो. काढायचा म्हणजे वरचेवर. घरातलं कोणीतरी उलथण्याने हलक्या हाताने तेवढाच पापुद्रा सोडवतं आणि ओंजळभर कृष्णेत सोडतं. खालच्याला हात लावत नाहीत. हे लहान पोरालाही ठाऊक असतं.

नाना तेरा दिवस भिंतीला टेकून बसले होते, हात मांडीवर पालथे टाकून. ज्या माणसाने पस्तीस वर्षं एक दिवस फावडं खाली ठेवलं नाही, त्याचे ते रिकामे हात बघवत नव्हते. तेराव्याच्या पहाटे पाहुणे उठायच्या आत ते उठले, कोपऱ्यातली पहार आणि फावडं घेतलं आणि साका काढायला लागले. जसा रोज काढत होते तसा. मी दहाच्या सुमाराला पोचले तेव्हा घर रिकामं आणि चकचकीत झालं होतं. आमच्या ट्रॉलीत सगळं भरून डेपोला रवानाही झालं होतं. घर बांधल्यापासून कोणाच्या नजरेला न पडलेली शहाबादी फरशी वर आली होती. शेजारची माणसं म्हणत होती, "लय झ्याक केलंसा, नाना." आणि मी, पंचवीस वर्षांची नोकरी झालेली, स्वतःच्या घरात चुलीपुढची पायरी असलेली बाई, मीही म्हणाले, "नाना, फरशी अगदी लख्ख निघाली." काम चांगलं झालं की असं म्हणायची आम्हाला सवय आहे. आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आलं नाही की काय झालंय. याची मला आजही लाज वाटते.

ते कळलं नानांनाच, संध्याकाळी. पाहुणे गेल्यावर ते चहा करायला ओट्यापाशी गेले. दोनदा उचललेला ओटा, आणि खाली फरशी. पुढे कधीतरी मला ते सांगताना त्यांनी आडवा हात छातीला लावून दाखवला. "ओटा हितं आला, म्याडम. तवा कळलं."

दुसऱ्या दिवशी ते कामावर आले आणि ड्रायव्हरला विचारलं, "कालची ट्रॉली कुठं रिकामी केलीस रं?" टोळीतल्या कोणाला त्यांनी प्रश्न विचारलेला मी पहिल्यांदाच ऐकला. ड्रायव्हरला नेमकी जागा आठवत नव्हती. डेपो कुपवाडच्या पलीकडे उघड्या माळावर आहे. साऱ्या शहराची बडबड, भांडणं, लग्नं, मिरवणुका रोज तीस-चाळीस ट्रॉल्यांनी तिथे येऊन पडते. त्यात एका स्वयंपाकघराची माती.

पुढे रखवालदाराची तक्रार माझ्याकडे आली, की मुकादम दर रविवारी डेपोत येऊन बसतात, हटकलं तर बोलत नाहीत. मी गेले. उन्हात पोतं अंथरून नाना बसले होते, हातात खुरपं, पुढ्यात ढेकळांचा ढीग. एकेक ढेकूळ मधोमध कापायचं, कडेवर अंगठा फिरवायचा, बाजूला ठेवायचं. मी जवळ बसले. ढेकळं मलाही वाचता येतात थोडीफार. बहुतेक सगळी माणसांच्या बोलण्याचीच होती, आणि त्यातली निम्मी तरी गुळाच्या रंगाची.

"नाना, या रंगाच्या बायका सांगलीत हजारो असतील. कसं ओळखणार?"

"वळखू येतंय," ते म्हणाले आणि पुढचं ढेकूळ घेतलं.

असं दोन वर्षं चाललं. मी कधी डबा घेऊन जायचे, कधी नुसतीच जाऊन बसायचे. खरं सांगायचं तर मला त्या जाण्याचा कंटाळा यायचा. आठवडाभर हेच उपसायचं आणि रविवारीही त्याच्याच ढिगाऱ्यापुढे बसायचं. नानांचा चेहरा उतरत चालला होता, अंगठ्याची कातडी जाऊन तिथे घट्टा पडला होता. मध्ये ते निवृत्त झाले. निरोप समारंभाला आलेच नाहीत, डेपोत होते.

त्याच सुमारास डेपो सपाट करायची फाईल आली. ती सगळी माती दडपून नव्या वळण रस्त्याच्या भरावाला जायची होती. सही माझी लागणार होती. मी ती फाईल या ना त्या कारणाने दिवाळीपर्यंत खाली घालून ठेवली, मग वरून विचारणा झाली आणि माझ्या हातात काही उरलं नाही. सही करायच्या आदल्या रविवारी मी माळावर गेले.

"नाना, सोमवारपासून यंत्र लागणार. पूर्वेकडून सुरू करतील. मला खूण सांगा, मी दहा माणसं लावते. आठ दिवसांत बघून होईल."

ते ढेकूळ कापत राहिले. मला राग आला. म्हटलं, "अहो, माझ्यापाशी तरी बोला. मी तुमच्यासाठी दीड महिना फाईल अडवून ठेवली आहे."

तेव्हा त्यांनी खुरपं खाली ठेवलं.

"धा माणसांस्नी काय सांगू, म्याडम?" ते म्हणाले. मग पुढ्यातलं एक ढेकूळ उचलून माझ्यापुढे धरलं. "ह्ये बगा. ही बाई बोलली. ह्यो बाप्या बोलला. परत बाई. परत बाप्या." गुळाच्या रंगाची पट्टी, मग तांबूस, मग पुन्हा गुळाची. "दोन वर्सं सगळ्या सांगलीच्या चुलीम्होरचं बगतोय मी. भांडनाऱ्यांच्यात बी दोन रंग असत्यात. दारूड्याच्या घरात बी असत्यात. दोनच रंग असत्यात सगळीकडं." त्यांनी ढेकूळ खाली ठेवलं. "आमच्यात एकच हाय. तीच बोललीया. असलं दुसरं न्हाई ह्या डेपूत. म्हणून म्हणतोय, वळखू येतंय."

मला हौसाक्का म्हणाल्या होत्या ते आठवलं, एकसारखाच धरनार. आणि मी त्यांच्या नवऱ्याच्या गप्प राहण्याचं कौतुक सांगत फिरले होते. नानांनी पुन्हा खुरपं हातात घेतलं. दहा माणसांचा विषय मीही परत काढला नाही. दुसऱ्या दिवशी सही केली.

यंत्र आलं. पूर्वेकडून माळ दडपत पुढे सरकायला लागलं. रखवालदार सांगायचा की नाना त्याच्या पुढे पुढे सरकत बसतात, ड्रायव्हर शिव्या देतो, मग थांबतो, बिडी ओढतो, परत सुरू करतो. तिसऱ्या दिवशी दुपारी मी ऑफिसात होते. टेबलावरचा फोन एकदा वाजला आणि बंद झाला. नानांचा नंबर. निवृत्तीनंतर त्यांचा पहिलाच. मी दुसऱ्यांदा वाजतोय का म्हणून हात न लावता बघत राहिले. वाजला नाही. एकच. एक म्हणजे आली.

मी होते तशी निघाले. चाळीस पायऱ्या माझ्या गुडघ्यांना आता जड जातात, दोनदा बसले. दार उघडंच होतं. नाना टाचा उंच करून, छातीएवढ्या ओट्यावर चहा ठेवत होते. ओट्यापुढे फरशीवर, जिथे हौसाक्का उभ्या राहायच्या नेमक्या त्या जागी, बसायच्या पाटाएवढा, पुऱ्या उंचीचा एक तुकडा ठेवलेला होता. हातभर पायरीतला तेवढाच अखंड मिळाला होता. त्याच्यावर पाय ठेवला असता तर हात सहज पोचला असता, पण नाना बाजूला उभे राहून टाचा उचलत होते.

मी खाली बसून कडेला बघितलं. कुकरचे खडे, मिक्सरच्या रेघा, आणि गुळाच्या रंगाचा थर, अथपासून इतिपर्यंत एकाच माणसाचा. नाही म्हणायला वरच्या बाजूला, चार बोटं खाली, एक काळा दोरा होता. केसाएवढा. मला वाटलं, फावड्याचा ओरखडा असेल.

"त्यो माझा," नाना म्हणाले.

"म्हणजे बोलला होतात की एकदा!" मी म्हणाले. मला बरं वाटलं होतं.

नानांनी माझ्यापुढे चहाची बशी ठेवली आणि समोर बसले.

"तुमी आला हुता न्हवं, त्या प्रेसच्या दिशी. तुमी गेल्यावर ती बोलत हुती. लसनाचं, गॅसचं, आईच्या पायाचं. माज्या कानात त्यो माणूस वरडत हुता. म्हणलं, गप की जरा." त्यांनी अंगठा दोऱ्याच्या वर नेला. "आता ह्ये बगा."

मी बघितलं. दोऱ्याच्या खालचे थर बोटाएवढे जाड, एकावर एक, भरगच्च. दोऱ्याच्या वरचे सगळे पापडासारखे पातळ होते. चार वर्षांचे.

"बोलायची," नाना म्हणाले. "पर हळू."

मी चहा कसाबसा संपवला. जो माणूस त्या दगडातले सात ठोके मोजू शकतो त्याला मी काय समजावणार होते. मी उठले. ते दारापर्यंत आले नाहीत. मी बाहेर पायरीवर टेकले, चपला पुढ्यात घेतल्या, तेवढ्यात आतून आवाज आला. मला वाटलं, हाक मारली.

दारातून दिसलं, नाना तुकड्यापुढे मांडी घालून बसले होते, शाळेतल्या पोरासारखे ताठ.

"लसूण व्हय?" ते म्हणाले. मग थांबले, समोरच्याचं ऐकून घेताना थांबावं तितका वेळ. "आणलाय. पुडीत हाय बग." पुन्हा थांबले. "गॅसचं उद्या सांगतो." मग जरा जास्त वेळ गेला. "जाऊया की रहिमतपूरला. आईचा पाय कसा हाय आता? रविवारी जाऊ. मी बी येतो."

गुळाच्या रंगावर चिमूट चिमूट काळी माती उतरत होती. नाना हाताने ती झाडत नव्हते.

मी चपला पायात घातल्या नाहीत. त्यांच्या दारात माझा आवाज पडायला नको म्हणून हातात घेतल्या आणि अनवाणी, एकेक पायरी बघत, खाली उतरले.